साफ करील त्याचा बांध

टोमॅटोचे शेंडे पिळवटलेले दिसले तेव्हा काकूंनी पानं नीट पाहिलीसुद्धा नाहीत. आधी बांधापलीकडे पाहिलं. पलीकडे घुम्या कापलेल्या गव्हाच्या पेंढ्या बांधत होता, नेहमीसारखी मान खाली घालून.

"बघ, कसा साळसूदासारखा कामाला लागलाय," काकू सुनेला म्हणाल्या.

"पण त्यांनी केलं काय?" सुनेनं विचारलं. तिचं लग्न होऊन फार दिवस झाले नव्हते, म्हणून असले प्रश्न तिला पडायचे. काकूंनी तिच्याकडे अशी नजर टाकली की ती बिचारी रिकामी बादली उचलून विहिरीकडे निघाली.

घुम्या हे काही त्याचं नाव नव्हे. विचारलं तर निम्मं उत्तर द्यायचा आणि उरलेलं निम्मं गिळून टाकायचा, म्हणून सगळा गाव त्याला घुम्या म्हणायचा, आणि त्यालाही त्याचं काही वाटत नसे. काकूंच्या नवऱ्याचा तो सख्खा चुलतभाऊ. लहानपणी दोघं एका ताटात जेवलेले. पुढे वाटणी झाली. जमीन मोजली, झाडं मोजली, विहिरीच्या पाळ्या लावल्या, गोठ्यातल्या खुंट्यासुद्धा वाटून घेतल्या, आणि मधला बांध मात्र राहून गेला. तो कुणाचा हे कुणी बोललंच नाही.

एका वर्षी काकूंच्या नवऱ्यानं विळा घेऊन बांधावरचं तण काढलं. सरळ मनानं काढलं होतं. पण दुसऱ्या दिवशी घुम्या येऊन म्हणाला, "आज तण काढलंस, उद्या म्हणशील बांध माझा." पुढच्या वर्षी घुम्यानं तण काढायला घेतलं तेव्हा तेच वाक्य काकूंच्या नवऱ्यानं त्याला ऐकवलं, जरा चढ्या आवाजात. दोघांच्याही हातात विळे होते. रक्त निघालं नाही एवढंच नशीब. तोंडं फिरली ती मात्र कायमची. तेव्हापासून या दोन घरांत एक कायदाच होऊन बसला: साफ करील त्याचा बांध. म्हणून तो कुणी साफच करायचा नाही. एकानं हात लावला की दुसरा भांडायला हजर. आपापल्या शेतात तणाची काडी दिसली तरी झोप उडणारी ही माणसं, आणि त्यांच्या मधोमध कमरेएवढं रान. गावातले टवाळ म्हणायचे, जंगल बघायला लांब कशाला जायचं, या दोघांचा बांध आहे की.

नवरा गेला त्या दिवशी घुम्या आला होता. फाटकाबाहेर उभा राहिला. कुणीतरी आत येऊन काकूंना सांगितलं. "उभा राहू दे," काकू म्हणाल्या. तो उभा राहिला, आणि सगळे परतल्यावर निघून गेला. रागाच्या भरात बोललेलं ते वाक्य काकूंनी पुढे कधी मागे घेतलं नाही. मागे घ्यायचं तरी कुणाजवळ?

टोमॅटोची बातमी दुपारपर्यंत गावभर झाली. मुलगा तालुक्याला जाऊन औषधवाल्याला घेऊनच आला. पिकांच्या औषधांचं दुकान चालवणाऱ्या या माणसाला सगळे डॉक्टर म्हणायचे. माणसाला खोकला झाला तर त्याला काही कळायचं नाही, पण पान हातात दिलं की तो लगेच सांगायचा. त्यानं एक शेंडा खुडला, उन्हाकडे धरला, बोटात फिरवला. कोवळी पानं अरुंद होऊन सुतळीसारखी पिळली होती.

"हा रोग नाही," डॉक्टर म्हणाला. "तणनाशक गेलंय यावर. थोडंसंच गेलंय, पण टोमॅटोला थोडंसं पुरतं."

"आमच्या शेतात आम्ही कशाला तणनाशक मारू?" मुलगा तडकला.

"तसं नाही. पंप एकच आहे का तुमच्याकडे? काय होतं, तणनाशकाचा पंप नीट धुतला नाही, आणि त्याच पंपानं दुसऱ्या दिवशी औषध मारलं, की..."

"आमचे पंप दोन आहेत. तणनाशकाच्या पंपाला लाल पट्टा मारलाय, वडील होते तेव्हापासून. तो कुलपात असतो आणि किल्ली माझ्या कमरेला. हे बघा."

मुलानं किल्ली काढून दाखवली. डॉक्टरनं मान हलवली आणि तो बांधाकडे वळला. बांधावरचं रुंद पानांचं तण करपून, वेडंवाकडं होऊन पडलं होतं. "हे बघा," तो म्हणाला, "इथूनच आलंय ते."

काकू सुनेच्या मागे उभ्या होत्या. त्या आणखी एक पाऊल मागे सरकल्या.

त्याचं असं झालं होतं. यंदा बांधावरून एक वेल खाली उतरला आणि टोमॅटोच्या काठ्यांवर चढायला लागला. रोज तोडावा तरी रोज हातभर पुढे. मुळाशी हात घालायचा तर बांधावर चढावं लागणार, आणि बांधावर चढलं की भांडण. मुलाला सांगावं तर तो सरळ काठी घेऊन घुम्याच्या दारात जाईल. मग काकूंनी आपल्या मनाशीच ठरवलं. मुलगा आणि सून पाहुण्यांकडे गेलेले असताना, दिवस कलताना, त्यांनी नवऱ्याचा फवारणीचा लांब बाह्यांचा शर्ट अंगात घातला, त्याचीच टोपी कानापर्यंत ओढली, तोंडाला फडकं बांधलं. लाल पट्ट्याचा पंप कुलपात. किल्ली मागावी तर कशाला हवी ते सांगावं लागणार. म्हणून पडवीतला, टोमॅटोचाच पंप घेतला, आणि शेजारणीकडून अंगणातल्या गवताचं कारण सांगून मागून आणलेल्या डब्यातलं तणनाशक त्यात ओतलं. वेल मारला. मग हात सैल सुटला आणि घुम्याच्या बाजूचं तणही मारलं. बरं वाटलं, हे खोटं कशाला बोलायचं? इतक्या वर्षांनी बांध साफ केला आणि कुणाला कळलंही नाही, या विचारानं त्या एकट्याच हसल्या.

पंप धुवायचा तो विहिरीवर, साबण लावून, पुन्हा पुन्हा, नळीतूनसुद्धा पाणी सोडून. नवऱ्यानं हे इतक्यांदा सांगितलं होतं की शेवटी शेवटी काकू त्याला चिडवायच्या, "पंपाला तेल लावून न्हाऊ पण घाला." पण त्या संध्याकाळी विहिरीवर बायका होत्या. पंप पाहून दहा प्रश्न विचारले असते. काकूंनी गोठ्यामागे पंपाच्या टाकीत तांब्याभर पाणी ओतलं, खळाखळा हलवलं, उपडी केली आणि पंप होता तिथे टांगला. सकाळी मुलानं त्यातच किडीचं औषध भरलं आणि टोमॅटोची रांग न् रांग फवारून काढली.

धुतला होता की, काकूंनी स्वतःला सांगितलं. हलवून धुतला होता. एवढ्याशानं काय होतंय? वाऱ्यानं आलं असेल घुम्याकडून. पण बांधावर फवारणारा घुम्या नव्हता हे त्यांना माहीत होतं, आणि माहीत असलेली गोष्ट माहीत नाही असं मनाला पटवणं फार कष्टाचं काम असतं. तरी त्या संध्याकाळपर्यंत ते करत राहिल्या.

संध्याकाळी अंगणात माणसं जमली. सांत्वनाला म्हणून आलेली, पण बहुतेकांना गंमत बघायची होती. मेंढपाळही आला होता. तो दिवसभर मेंढरांशी बोलणारा माणूस, त्यामुळे माणसं भेटली की त्याला राहवत नसे.

"मी बघितलाय त्याला," तो म्हणाला. "परवा दिवस मावळायच्या आधी. बांधावर होता. पाठीवर पंप, कानापर्यंत टोपी, अंगात लांब बाह्यांचा शर्ट."

"तोंड बघितलंस?" कुणीतरी विचारलं.

"तोंडाला फडकं होतं. पण त्या बांधावर दुसरा कोण पुरुष जाणार? घुम्या जाईल किंवा तो," मेंढपाळानं काकूंच्या मुलाकडे बोट केलं, "आणि तो तर गावात नव्हता."

"त्याचा गहू कापून झालाय," डॉक्टर म्हणाला. "आता त्याला फवारायचं काही कारणच नाही. म्हणजे मुद्दाम केलं."

काकूंना आपली टोपी, आपला शर्ट, आपली पाठ दिसत होती, मेंढपाळाच्या डोळ्यांनी. जणू त्या स्वतःच तिकडे उभ्या राहून बांधावरच्या त्या माणसाकडे बघत होत्या. आता मनाची समजूत घालायला काही उरलं नाही.

मुलगा उठला. "उद्या मळणीयंत्र गावात येतंय. त्याच्या खळ्यावर आपल्यातलं कुणी जायचं नाही. बघू एकटा कशी मळणी करतो ते."

मळणी एकट्यानं होत नाही, हे शेतकऱ्याच्या लेकराला सांगायला नको. एक पेंढ्या द्यायला लागतो, एक तोंडाशी, एक पोती धरायला, दोघं-तिघं भूस ओढायला. म्हणून सगळे एकमेकांच्या खळ्यावर जातात. माणसं नसतील तर मळणीवाला यंत्र चालूच करत नाही, आणि गावातली कामं झाली की तो ट्रॅक्टरला यंत्र जोडून पुढच्या गावी निघून जातो. आभाळ तर आतापासूनच दाटायला लागलं होतं. वर्षाचा गहू खळ्यावर भिजला की त्याला कोंब फुटतात, आणि मग तो जनावरंसुद्धा नाक मुरडून खातात.

"काकू, तुम्ही बोला," एक म्हातारा म्हणाला. "नुकसान तुमचं झालंय. तुम्ही म्हणाल तसं."

सगळे काकूंकडे बघायला लागले. काकूंच्या जिभेवर आलं होतं. तो घुम्या नव्हता, ती मी. एवढंच म्हणायचं होतं. पण समोर मुलगा उभा होता, ज्यानं स्वतःच्या हातानं तो पंप टोमॅटोवर फिरवला होता आणि ज्याला आपल्या लाल पट्ट्याचा एवढा अभिमान होता. मागे सून होती. शेजारीण होती, जिच्या डब्यातलं तणनाशक होतं. आणि बांधापलीकडे घुम्या होता, जो उद्या हसला असता, केलात ना बांध साफ, म्हणून. काकूंचं तोंड उघडलं आणि त्यातून निघालं, "मी काय बोलणार?"

"बिचाऱ्या," म्हातारा म्हणाला. "शब्द फुटत नाहीये."

सकाळी काकूंनी तो पंप विहिरीवर नेला आणि साबण लावून धुतला, पुन्हा धुतला, नळीतून पाणी सोडत राहिल्या. सून म्हणाली, "आई, आता कशाला? फवारायला राहिलंय काय?" काकू नळी चोळत राहिल्या. त्यांना स्वतःची लाज वाटत होती, आणि लाज साबणानं जात असती तर गावाला विहीर पुरली नसती.

मळणीयंत्र आलं. एकेका खळ्यावर फिरत राहिलं. काकूंच्या थोड्याशा गव्हाचीही मळणी झाली. बांधापलीकडे घुम्या आणि त्याची बायको एका आडव्या टाकलेल्या ड्रमवर पेंढ्या आपटत होती. यंत्राचा आवाज थांबला की त्या आपटण्याचा आवाज ऐकू यायचा. थोडेसे दाणे पडायचे, बायको ते गोणपाटावर गोळा करायची, आणि मग दोघं आभाळाकडे बघायची. काकूंना जेवण जाईना. मुलगा म्हणाला, "आई, तू कशाला वाईट वाटून घेतेस? त्यानं केलं, तो भोगतोय." काकू पानावरून उठल्या.

शेवटचं खळं काकूंच्या शेजारचंच होतं. काम उरकलं, मळणीवाला यंत्र ट्रॅक्टरला जोडायला लागला. वारा सुटला होता आणि त्याला ओल्या मातीचा वास येत होता, म्हणजे लांब कुठेतरी पाऊस सुरू झाला होता. माणसं अंगावरचं भूस झटकत होती. तेवढ्यात घुम्या आला. एकटाच, बांध ओलांडून, त्या करपलेल्या तणातून.

त्यानं काहीतरी म्हटलं. ट्रॅक्टरच्या आवाजात ऐकू आलं नाही. मळणीवाल्यानं इंजिन बंद केलं.

"मी केलं," घुम्या म्हणाला. "टोमॅटोवर मीच फवारलं. चुकलं माझं. माफ करा, वहिनी."

किती वर्षांनी त्यानं काकूंना वहिनी म्हटलं होतं.

"का केलं?" मुलानं विचारलं.

याचा घुम्यानं विचारच केला नव्हता. तो जरा गडबडला. "डोकं फिरलं," तो म्हणाला. "असंच."

खरं बोलतानाही ज्याला शब्द सुचायचे नाहीत, त्याला खोटं कुठून जमणार? काकूंना दिसत होतं, सगळ्यांना दिसायला हवं होतं. पण सगळ्यांना हवं होतं तेच तो बोलला होता, त्यामुळे कुणी बारकाईनं पाहिलं नाही.

"भावजी, खोटं बोलू नका," काकू म्हणाल्या. "बांधावर मी होते. अंगात ह्यांचा शर्ट होता. तणनाशक मी मारलं, पडवीतल्या पंपानं. आणि पंप धुतला नाही नीट. त्याच पंपानं मग टोमॅटोवर औषध मारलं गेलं. माझंच पाप आहे हे."

मग मेंढपाळ हसला, ओशाळल्यासारखा. "काकू, मी पुरुष बघितला हो. मला काय बाई आणि बाप्या कळत नाही?"

"किती मोठं मन," म्हातारा म्हणाला. "त्याचा गहू वाचावा म्हणून स्वतःवर घेतायत."

"अहो, मी खरं सांगतेय!" काकूंनी मुलाचा दंड धरला. "अरे, किल्ली तुझ्याकडे होती, म्हणून मी दुसरा पंप..."

मुलाचा चेहरा क्षणभर उतरला. त्याला कळलं की काय, काकूंना पुढे कधीच विचारता आलं नाही. त्यानं दंड सोडवून घेतला आणि मोठ्यानं म्हणाला, "आई, पुरे. त्यानं कबूल केलंय. माफी मागितलीये. आपल्याला आता वाढवायचं नाही."

घुम्या दोन पावलं पुढे आला. काकूंपुरतंच ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला, "गप्प बसा आता, वहिनी. परत वाद सुरू झाला तर यंत्र जाईल. मला गहू घरात आणू द्या."

"तुम्हाला ठाऊक होतं?"

"बघितलं होतं तुम्हाला. दादाचा शर्ट मी ओळखणार नाही होय?"

"मग बोलला का नाहीत?"

"कोण ऐकणार होतं माझं?" तो म्हणाला. त्यात राग नव्हता. राग असता तर काकूंना जरा सोपं गेलं असतं.

मुलानंच मळणीवाल्याला हाक मारली. माणसं हसत-बोलत बांध ओलांडून घुम्याच्या खळ्यावर गेली. भांडण मिटवण्याचं पुण्य फुकटात पदरी पडल्यावर माणसांच्या अंगात जोर येतो. यंत्र लागलं. काकूही गेल्या. कुणी म्हणालं, काकू, तुम्ही बसा, तर त्यांनी ऐकलं नाही. पेंढ्या उचलून त्या घुम्याच्या हातात देत होत्या आणि तो यंत्राच्या तोंडात सारत होता. तो त्यांच्याकडे बघत नव्हता. आभाळ अगदी खाली आलं होतं, पण अजून थांबलं होतं.

पोती भरत आली तशी मळणीवाल्यानं घटकाभर इंजिन थांबवलं. घुम्याची बायको पाण्याचा तांब्या घेऊन आली. सगळ्यांच्या आधी काकूंसमोर उभी राहिली. नवऱ्यासमोरून आली, पण त्याच्याकडे तिनं बघितलंसुद्धा नाही. रडून तिचे डोळे सुजले होते.

"ताई, कुठल्या तोंडानं बोलू तुमच्याशी?" ती म्हणाली. "रात्रंदिवस सगळ्यांना सांगत होते, माझा माणूस घुमा आहे पण कुणाचं वाईट करणार नाही. देवाची शपथ घेऊन सांगत होते. आणि आज हा सगळ्यांसमोर म्हणतो, मीच केलं. इतकी वर्षं संसार केला, आणि मला माझा माणूस कळला नाही."

"त्यांनी नाही केलं," काकू म्हणाल्या. "माझी शपथ. मी केलं. मी."

तिनं काकूंचा हात दोन्ही हातांत घेतला. "तुम्ही असंच म्हणणार," ती म्हणाली. "सगळे सांगत होते, तुम्ही असंच म्हणताय म्हणून." मग तिनं तांब्या काकूंच्या हातात दिला, डोळ्यांना पदर लावला आणि घुम्याला पाणी न देताच घरात निघून गेली.

घुम्यानं पुढची पेंढी घ्यायला हात पुढे केला. काकूंनी तांब्या त्याच्यासमोर धरला. तो पाणी प्यायला, तांब्या परत दिला, आणि मळणीवाल्यानं यंत्र पुन्हा चालू केलं.